झाडाला लोखंड

धामणकर नाक्यावर आमचं छोटं मेडिकल आहे. मी आणि नवरा आळीपाळीनं काउंटरला बसतो. तिथं बसून बसून मला एक गोष्ट कळली आहे: या शहरात ज्यांच्या अंगात देव येतो त्या बहुतेकांना बीपी आहे. आजमगढकडचा एक लूम कामगार दंडावर तावीज बांधून येतो आणि तापाची गोळी घेता घेता सांगतो, की गावच्या ओझानं, म्हणजे तिकडच्या मांत्रिकानं, फोनवरून फुंकर मारली आहे, गोळी आपली 'सपोर्ट के लिए'. एक सासू दर गुरुवारी सुनेला अंगातलं उतरवायला दर्ग्यावर हाजरीला नेते, आणि परतताना तिच्यासाठी झोपेच्या गोळ्या मागते. डॉक्टरची चिठ्ठी विचारली की माझ्यावरच डोळे वटारते. मागच्या गल्लीत तेलुगू विणकरांची घरं आहेत. तिथल्या एका बाईच्या अंगात त्यांची देवी पोचम्मा येते. आषाढात डोक्यावर कडुलिंबाचा पाला आणि दिवा ठेवलेलं मडकं घेऊन ती नाचत निघते, तेव्हा नाक्यावरचे रिक्षावालेसुद्धा हॉर्न वाजवायचे थांबतात. दुसऱ्या दिवशी ती गुडघ्याला लावायचं मलम घ्यायला माझ्याकडे येते. "कल बहोत नाची, ताई," म्हणते. मी विचारते, कोण नाचली, तू की ती? ती हसते आणि ट्यूब पदराच्या गाठीत बांधते.

मी कुणाला काही बोलत नाही. गिऱ्हाईक आहे. पण मनात मात्र प्रत्येकाची उलटतपासणी चालू असते. नवरा म्हणतो, तुला पोलिसात घ्यायला हवं होतं. हा संशय मी बाजारातून आणलेला नाही, माहेरून आणला आहे.

माझं माहेर वळ गावच्या बाजूला, गोदामांच्या पट्ट्यात. पूर्वी भातशेती होती, आता गोदामं आहेत, आणि आमची गावदेवी दोन गोदामांच्या मध्ये अंग चोरून बसली आहे. कंटेनर मागे घेताना ड्रायव्हर आधी देवळाकडे बघून हात जोडतो, मग रिव्हर्स टाकतो. त्या गावदेवीचं झाड म्हणजे माझी आई. आमच्याकडे जिच्या अंगात देवी येते तिला झाड म्हणतात. देवी झाडावर येते, बोलायचं ते बोलते आणि निघून जाते. झाडाला त्यातलं काही आठवत नाही. ज्यानं देवीला प्रश्न विचारला, त्यानंच नंतर झाडाला पाणी देऊन सांगायचं की आई असं असं बोलली. वर्षातून दोनदा ती येई, नवरात्रात आणि चैत्राच्या जत्रेला.

आता माझी अडचण ऐका. माझी आई एरवी वडिलांसमोर मान वर करून बोलत नसे. भाजीत मीठ जास्त झालं तर ताट भिरकावणारा माणूस तो. पण देवी आली की ती वडिलांना नावानं हाक मारी, एकेरीत, आणि ते हात जोडून उभे राहत. एका नवरात्रात देवी म्हणाली, या घरात बाटली दिसली तर मी पाऊल ठेवणार नाही. वडिलांची दारू बरीच वर्षं सुटली. माझी दहावी झाली तेव्हा मला शाळेतून काढून लग्नाचं बघायचं ठरत होतं. त्या चैत्रात देवी म्हणाली, "पोरीला शिकू द्या. ती माजी हाय." म्हणून मी फार्मसीचा डिप्लोमा केला. म्हणजे मी आज काउंटरच्या या बाजूला उभी आहे ती देवीच्या कृपेनं, आणि तरी मला तेव्हापासून एकच विचार छळत आला: ही देवी नेमकं आईच्या मनातलंच कशी बोलते?

विचारायची सोय नव्हती. मी एकदा आडून आडून विचारलं होतं, आई, तुला खरंच काही आठवत नाही? तिनं माझ्याकडे असं पाहिलं की मी पुन्हा तोंड उघडलं नाही. पण दर नवरात्रात मी कोपऱ्यात उभी राहून तिच्या पापण्या बघायची. हलतात का, कुणाकडे चोरून बघते का. कधी काही सापडलं नाही. संशयी माणसाला काही सापडलं नाही की त्याचा संशय कमी होत नाही, उलट वाढतो.

दोन वर्षांपूर्वी श्रावणात वहिनीचा फोन आला. आईला अंगावरून जातंय, आणि ती कुणाला सांगत नव्हती, वहिनीला धुण्यात दिसलं. पाळी जाऊन वीस-एक वर्षं झालेली बाई. मी त्याच दिवशी तिला रिक्षात घालून डॉक्टरकडे नेलं. सोनोग्राफी झाली, तुकडा तपासायला गेला, आणि ठाण्याच्या मोठ्या डॉक्टरीणबाईंनी मला बाजूला घेऊन सांगितलं की गाठ वाईट आहे, पण अजून पिशवीतच आहे, पिशवी काढली तर बाई वाचेल. उशीर करू नका. मी आईला सगळं सरळ सांगितलं. तिनं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "त्या व्हनार न्हाय. झाडाला लोखंड लावत न्हाईत."

हा आमच्याकडचा नियम. देवीच्या झाडाचं अंग त्याचं स्वतःचं नसतं, त्याला पातं लावायचं नाही. मी लहान असताना आईच्या पायाला विळा लागून हाड दिसलं होतं, तेव्हाही तिनं टाके घालून घेतले नव्हते. हळद भरून महिनाभर लंगडली. मी म्हटलं, इंजेक्शनं घेतेस ती कशी चालतात? म्हणाली, सुई टोचते, कापत नाही. मी चिडले, रडले, दादाला मध्ये घातलं. शेवटी ती इतकंच म्हणाली, की देवीला विचारा, ती हो बोलली तर मी निघाले. देवीला विचारायचं म्हणजे ती आईच्याच अंगात यायला हवी, आणि नवरात्राला दोन महिने होते. गाठ काही पंचांग बघून वाढत नाही.

मग मी ते केलं जे माझ्यासारखी बाई करणार. दिघाशीकडे एक भगत आहे. त्याच्या बापाला आई फार मानायची. हा पोरगा आता पन्नाशीचा, साखरेच्या गोळ्या माझ्याकडूनच नेतो. भगत मोठा असला तर तो दुसऱ्या गावच्या देवीलाही आपल्या देवामार्फत विचारू शकतो, असं मानतात. मी त्याला दुकानातच गाठलं आणि सरळ सांगितलं, तू घुमायचं आणि देवी हो बोलली म्हणायचं. आधी त्यानं कानाला हात लावले. मग रिपोर्ट दाखवला तेव्हा गंभीर झाला आणि म्हणाला, "ताई, पुन्याचा काम हाय. करतू."

ठरल्याप्रमाणे मी आईला घेऊन गेले. भगतानं अंगणात सूप ठेवलं, त्यात तांदूळ पसरले, ऊद घातला. मान डोलायला लागली, केस सुटले, आवाज बदलला, आणि तो पढवल्याप्रमाणे म्हणाला की देवी राजी आहे, सुरी लावा. मला तर त्याचं काम आवडलं. आई मांडी घालून त्याच्याकडे टक लावून बघत होती. झालं तसं उठली, त्याच्या पायाला हात लावला आणि रिक्षात येऊन बसली. रिक्षा हायवेला लागली.

"तू पढवलास ना त्याला?" तिनं विचारलं.

मी म्हटलं, भलतंच काय.

"त्याला मानेपास्ना आयला," ती म्हणाली. "देव पायापास्ना येतो. आदी तलवे गार पडतात, मंग वर चढतो. त्याचा सगला मानेच्या वर होता."

चोराची पावलं चोराला ठाऊक, असं माझ्या मनात आलं. आणि लगेच दुसरं आलं, की ढोंग करणाऱ्या बाईला तळव्यांचं कशाला सुचेल? पण त्याहून वाईट गोष्ट घडली होती. आईला आता माझ्या शब्दाचा भरवसा उरला नव्हता. पुढच्या आठवड्यात मी लोहाच्या गोळ्या नेऊन दिल्या, तर तिनं पाकीट उलटसुलट करून वहिनीला विचारलं, ह्या नक्की ताकदीच्याच का?

ते दोन महिने मी कसे काढले माझं मला माहीत. वहिनी रोज फोनवर सांगायची, आज जास्त गेलं, आज कमी. पितृपक्षात आईला जिना चढवेना. मला आता सगळ्यांचाच संशय यायला लागला. दादा गप्प गप्प असायचा. गोदामाला भाड्यानं दिलेली आमची जागा वडिलांमागे आईच्या नावावर होती, आणि माझ्या मनात नको ते येऊन गेलं. वहिनी जरा जास्तच काळजी करते असं वाटलं. पोचम्मावाल्या बाईनं एकदा माझा उतरलेला चेहरा बघून विचारलं, तर मी तिला सगळं सांगून टाकलं. ती म्हणाली, हमारे में भी ऐसाच है, अम्मा का बदन काटते नहीं. मी विचारलं, मग तुझ्यावर अशी वेळ आली असती तर तू काय केलं असतंस? ती काउंटरच्या काचेवर बोट फिरवत राहिली आणि निघून गेली. त्या दिवशी ती मलम न घेताच गेली हे नंतर माझ्या लक्षात आलं.

नवरात्रातल्या मंगळवारी मी दुपारीच माहेरी गेले. दिवेलागणीला देवळात बायका जमल्या, आरती झाली, ढोल वाजायला लागला. आईला धरून आणून देवीसमोर बसवलं होतं. तोंड पांढरं पडलेलं. मला वाटलं, इतक्या अशक्त अंगात काय यायचं? आणि मनाच्या तळाशी मला तेच हवं होतं की काय, न कळे. पण ती आली. आईचं अंग थरथरलं, ताठ झालं, आणि जिला आधाराशिवाय उठता येत नव्हतं ती एका झटक्यात उभी राहिली.

झाडाच्या स्वतःच्या जिवाचं विचारायचं असलं, तर बाकीच्यांनी बाहेर जायचं अशी आमची रीत आहे. झाडाचं गाऱ्हाणं गावानं ऐकू नये म्हणून. ढोल थांबला, बायका बाहेर गेल्या. विचारायचं दादानं, थोरला म्हणून. पण तो माझ्याकडे वळून हळूच म्हणाला, "तू इचार. ती नाय बोलली, तर मना आईला सांगाय जमनार नाय." आणि तोही बाहेर गेला. जागेबद्दल जे माझ्या मनात येऊन गेलं होतं त्याची मला तिथल्या तिथं लाज वाटली.

मी उभ्या आयुष्यात त्या देवीला 'आई' म्हटलं नव्हतं आणि तिच्या पाया पडले नव्हते. विचारणाऱ्यानं झाडाच्या पावलांवर डोकं ठेवायचं असतं. ठेवलं. पाय गार पडले होते. माझ्यातली मेडिकलवाली लगेच म्हणाली, रक्त कमी झालं की हातपाय गार पडतात, खाली फरशी आहे. पण कपाळ मी उचललं नाही. तसंच खाली बघून म्हणाले, आई, डॉक्टर म्हणतात कापलं तर झाड जगेल. नेऊ का?

मग वरून आवाज आला. तो आईचा नव्हता आणि आईचाच होता, तो तसाच असतो.

"लोखंड लावू नको. झाड भ्यालाय."

एवढंच. मी वर पाहिलं तर तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि देवी रडताना मी कधी पाहिली नव्हती. मग ती खाली बसली, कलंडली, आणि माझ्या मांडीवर माझी म्हातारी आई होती.

त्या क्षणी मी काय विचार केला ते लपवत नाही. मला वाटलं, ही आईच आहे. ऑपरेशनला घाबरली आहे, तोंडानं सांगता येत नाही म्हणून पदराआड लपावं तशी देवीआड लपते आहे. आणि समजा, नसेल आई, खरंच दुसरं कुणी असेल, तर त्या दुसऱ्या कुणाची मला पर्वा नव्हती. मी तांब्यातलं पाणी तिच्या ओठाला लावलं. तिनं डोळे उघडले. पदर सावरला. आणि नेहमीसारखं विचारलं, "काय बोलली?"

"ने म्हणाली," मी म्हटलं.

तेवढ्यात दारात येऊन उभ्या राहिलेल्या दादानं ते ऐकलं आणि भिंतीला टेकून तो लहान मुलासारखा रडला. बायकांनी ढोल पुन्हा सुरू केला. आई मात्र माझ्याकडे बघत राहिली.

दसऱ्यानंतर ऑपरेशन ठरलं. ठाण्याच्या हॉस्पिटलात स्ट्रेचर आला तेव्हा तिनं कानातल्या कुड्या काढून माझ्या मुठीत दिल्या आणि माझं मनगट धरलं. नर्स घाई करत होती. आईनं विचारलं, "ती खराच ने बोलली ना?" भगताचा प्रकार तिच्या मनात होता, माझ्याही होता. मी तिच्या डोळ्यांत बघून म्हटलं, खरंच. खोटं बोलताना नजर चुकवू नये, हे मला गिऱ्हाइकांनी शिकवलं आहे. तिनं मनगट सोडलं. ऑपरेशन नीट झालं. दादा चार रात्री हॉस्पिटलच्या पॅसेजमध्ये वर्तमानपत्र अंथरून झोपला. पुढची तपासणी चांगली आली, डॉक्टरीणबाई हसून म्हणाल्या, आजी नशीबवान आहेत. हिवाळा संपेपर्यंत आई अंगणात फिरायला लागली, वहिनीवर ओरडायला लागली. मी नवसासारखं काही केलं नाही, पण सुटल्यासारखं वाटलं.

मग चैत्राची जत्रा आली.

देवळाला नवा रंग दिला होता, गोदामवाल्यांनी मांडव घालून दिला होता. आई नवं नऊवारी नेसून देवीसमोर बसली. ढोल वाजायला लागला. बायका घेर धरून उभ्या होत्या, कडेवरची पोरं घेऊन, आपापले प्रश्न घेऊन. ढोल वाजतच राहिला. आईनं डोळे मिटले होते. मी, जी आजवर तिच्या पापण्या हलताना पकडायला बघत होते, ती आता मनातल्या मनात म्हणत होते, ये बाई, ये, निदान नाटक तरी कर. ढोलवाल्याला घाम सुटला. आईचं अंग हललंसुद्धा नाही. बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. तेवढ्यात मागच्या आळीतली एक तरुण सून, लग्नाला वर्षही झालं नसेल, किंचाळून घुमायला लागली. सगळा घेर तिकडे वळला. आईभोवती जागा मोकळी झाली. ती एकटीच बसून राहिली, मग हळूच उठली आणि चप्पल शोधायला लागली. मला त्या सुनेचा इतका राग आला की तिला ओढून बाहेर काढावंसं वाटलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही दोघी ओट्यावर बिरड्याचे वाल सोलत बसलो होतो. घरात कुणी नव्हतं. आई ताटाकडे बघतच म्हणाली, "ती नाय बोललेली ना?"

मला पुन्हा खोटं बोलता आलं असतं. नाही बोलले. म्हटलं, नाही म्हणाली होती. लोखंड लावू नको, म्हणाली.

"मना ठावं होता. हॉस्पिटलात तुजा तोंड बघितला तवाच समाजला."

माझं डोकं तडकलं. इतके महिने मी ते ओझं घेऊन फिरत होते. देवी तिला सोडून गेली ती माझ्यामुळे, म्हणून मला रात्रभर झोप नव्हती, आणि ही म्हणते ठाऊक होतं. मी जवळजवळ ओरडलेच, की ठाऊक होतं तर गेलीस कशाला त्या टेबलावर?

तिनं हातातला वाल सोलला, साल बाजूला टाकलं, आणि माझ्याकडे पाहिलं. तिचे डोळे भरले होते, पण आवाज रोजचाच होता.

"मना जगायचा होता," ती म्हणाली. "पन तिला सांगायचा कोनी? तोंड त दोघींना एकच."